वाचक विचारतात : चिंचेचं सरबत

या वेळी आलेले बहुतेक प्रश्न चिंचेच्या सरबताबद्दलचे आहेत. कुणाचं कडू होतं, कुणाचं तळाशी बसतं, कुणाची बाटली फुगते. तक्रार सरबताची असली तरी चूक बहुतेक वेळा त्याआधीच, कोळ काढताना झालेली असते. म्हणून पहिलं उत्तर मुद्दाम ऐसपैस दिलं आहे. पुढची बरीच उत्तरं त्याच्याच आधाराने आहेत.

प्रश्न : चिंचेच्या सरबताचं नेमकं प्रमाण काय? माझं कधी इतकं आंबट होतं की दात आंबतात, तर कधी नुसतं साखरपाणी लागतं.

सहा पेल्यांचं माप धरू. बिया आणि शिरा काढलेली पिकली चिंच १०० ग्रॅम, पाणी एकूण सव्वा लिटर, साखर १५० ग्रॅम आणि मीठ पाव चहाचा चमचा. वजनकाटा नसेल तर लहान लिंबाएवढे चार घट्ट गोळे म्हणजे साधारण १०० ग्रॅम चिंच झाली.

चिंच आधी हाताने मोकळी करा. गोळा तसाच पाण्यात टाकला तर बाहेरचा थर भिजतो, आतला कोरडाच राहतो, आणि मग आपण जोर लावून कुस्करत बसतो. शिवाय मोकळी करताना अडकलेले चिंचोके, टरफलाचे तुकडे आणि क्वचित एखादी अळीही दिसते. मोकळी केलेली चिंच गार पाण्याखाली एकदाच, झटकन धुवा. धुतलेल्या चिंचेवर ४०० मिलिलिटर गरम पाणी ओता. पाणी उकळतं नको. वाफ दिसावी, पण बोट बुडवलं तर चटका बसू नये. झाकून अर्धा तास ठेवा.

आता कोळायची. बोटांनी हलके चोळत गर पाण्यात सोडवायचा. चोथ्यातला शेवटचा थेंब मुठीत दाबून काढायचा नाही. मध्यम जाळीच्या गाळणीतून गाळा, उरलेल्या चोथ्यावर १५० मिलिलिटर कोमट पाणी घालून पुन्हा एकदा हलके कोळा आणि त्याच भांड्यात गाळा. साधारण अर्धा लिटर कोळ मिळेल. तो दहा मिनिटं स्थिर ठेवा, म्हणजे माती किंवा बारीक कच असेल तर खाली बसेल. वरचा कोळ दुसऱ्या भांड्यात अलगद ओता आणि तळचा चमचाभर टाकून द्या. ही दहा मिनिटं वाचवू नका. दाताखाली एकदा कचकच आली की पुढे सरबत कितीही सुरेख जमलं तरी पेला बाजूला सरकतो.

आता तुमच्या मूळ अडचणीकडे. चिंच चिंचेसारखी नसते. तिचा आंबटपणा टार्टारिक आम्लाचा, आणि त्याचं प्रमाण गराच्या ८ टक्क्यांपासून १८ टक्क्यांपर्यंत कुठेही असू शकतं. म्हणजे एकाच वजनाची चिंच एकदा दुप्पट आंबट लागणं अगदी शक्य आहे. तेव्हा कृती पाठ करण्यापेक्षा कोळ चाखा. २ टेबलचमचे कोळ, ३ टेबलचमचे पाणी आणि २ चहाचे चमचे साखर वाटीत ढवळून चव घ्या. जमलं तर उरलेलं ७०० मिलिलिटर पाणी आणि सगळी साखर घालून मोकळे व्हा. फार आंबट लागलं तर आधी पाणी वाढवा, साखर नंतर. आंबट झालं की हात साखरेकडे जातो आणि तिथेच सरबताचा पाक होतो.

मीठ सगळ्यात शेवटी. साठवणीच्या चिंचेला बऱ्याचदा आधीच मीठ लावलेलं असतं, तेव्हा चव घेतल्याशिवाय चिमूटही घालू नका. अजून एक लक्षात ठेवा : गार झाल्यावर गोडी कमी जाणवते. तयार सरबत कोमट असताना किंचित जास्त गोड लागायला हवं. फ्रिजमधून काढल्यावर ते बेताचं होतं.

प्रश्न : काही जण चिंच उकळतात, काही रात्रभर गार पाण्यात ठेवतात. बरोबर काय?

दोन्हींतून सरबत होतं, पण वेगवेगळं. गार पाण्यात फ्रिजमध्ये ८ तास ठेवून, न कुस्करता, नुसतं गाळून घेतलं तर पाणी तांबूस, नितळ आणि हलक्या चवीचं निघतं. गर कमी सुटतो, म्हणून १०० ग्रॅमऐवजी १५० ग्रॅम चिंच घ्यावी लागते. पाहुण्यांसमोर काचेच्या पेल्यातून द्यायचं असेल तर हीच पद्धत चांगली.

गरम पाण्याने गर भराभर सुटतो आणि सरबताला अंग येतं. रोजच्यासाठी आम्ही हीच सुचवू.

उकळण्याची मात्र भिजवण्यासाठी गरज नाही. उकळताना चिंचेतला पेक्टिन, म्हणजे जॅम-जेली थिजवणारा चिकट पदार्थ, जास्त सुटतो, रंग काळपट होतो आणि ताज्या आंबटपणाला शिजलेली चव येते. उकळायचंच असेल, तर टिकवण्यासाठी कोळ गाळून झाल्यावर दोन-तीन मिनिटं उकळा. बिया आणि चोथ्यासकट नाही.

प्रश्न : वेळ वाचवायला मी भिजवलेली चिंच सरळ मिक्सरमधून काढते. सरबत कडवट होतं आणि थोडं बुळबुळीतही लागतं. असं का?

दोन्ही तक्रारींचं मूळ चिंचोक्यात आहे. चिंचोक्याच्या तांबड्या सालीत टॅनिन असतं. ते जिभेला तुरट-कडू लागतं आणि तोंड कोरडं पडल्यासारखं वाटतं. आतल्या पांढऱ्या गरात खळीसारखा चिकट पदार्थ असतो. तो इतका दाट असतो की चिंचोक्याची खळ कापडउद्योगात सुताला कांजी द्यायला वापरतात. दोन-तीन चिंचोके जरी पात्यात सापडले तरी कडवटपणा आणि बुळबुळीतपणा दोन्ही सरबतात उतरतात. कडक चिंचोक्याने पातं बोथट होतं, ते वेगळंच.

चिंचोके नसतानाही मिक्सर त्रास देतो. चिंचेच्या शिरा लांब असतात, म्हणून त्या गाळणीत अडकतात. मिक्सरमध्ये त्यांचे बारीक तुकडे होतात आणि ते जाळीतून निसटून पेल्यात येतात. हवा मिसळल्याने वर तपकिरी फेस धरतो, तो लवकर बसत नाही.

जास्त प्रमाणात करायचं असेल तर मिक्सरऐवजी पुरणयंत्र वापरा. भिजलेली चिंच त्यातून फिरवली की गर खाली आणि शिरा-चिंचोके वर राहतात. हात हलका ठेवा, चोथा दाबून पिळू नका. मिक्सरच हवा असेल तर सगळे चिंचोके काढल्याची खात्री करून, सगळ्यात कमी वेगावर दोनदाच, एकेक सेकंद फिरवा आणि नंतर पातळ सुती फडक्यातून गाळा.

झालेलं कडू सरबत पूर्ण सुधारता येत नाही. चिमूटभर मीठ कडवटपणा थोडा झाकतं, तेवढा उपाय करून बघा. साखर वाढवून मात्र तो जात नाही, कडू आणि गोड दोन्ही लागत राहतं.

प्रश्न : झाडाच्या ताज्या चिंचा मिळाल्या आहेत. किती घ्याव्यात? अर्धवट पिकलेल्या चालतील का?

अख्ख्या चिंचेत गर साधारण ३० ते ५० टक्के असतो, बाकी टरफल, शिरा आणि चिंचोके. १०० ग्रॅम गरासाठी पाव किलो चिंचा घ्या, कमी पडल्या तर दोन-चार वाढवा. पिकलेल्या चिंचेचं टरफल गरापासून सुटलेलं असतं. कानाजवळ हलवली तर आत खुळखुळ वाजते आणि बोटाच्या दाबाने टरफल काडकन फुटतं. देठाकडून शिरा धरून ओढल्या तर बऱ्याचदा एका ओढीत निघतात.

गाभुळलेल्या चिंचेचं सरबत होतं, आणि ज्यांना तिची चव आवडते त्यांना ते साठवणीच्या चिंचेपेक्षा जास्त भावेल. तिचा गर टरफलाला धरून असतो, म्हणून चमच्याने खरवडून काढावा लागतो. एका गोष्टीचं अनेकांना नवल वाटतं : पिकताना चिंचेतलं आम्ल फारसं कमी होत नाही, साखर वाढते आणि म्हणून ती गोड लागते. त्यामुळे गाभुळलेल्या चिंचेला साखर थोडी जास्त लागणार, १५० ऐवजी १८० ग्रॅम धरा.

हिरवी, कच्ची चिंच या कृतीत बसत नाही. तिचा गर पाण्यात सुटत नाही आणि चव तुरट असते. गोड जातीची चिंच उलट्या टोकाची. तिला आम्लच कमी, म्हणून साखर निम्मी करा आणि एका लिंबाचा रस घाला.

साठवणीची चिंच निवडताना रंग बघा. तांबूस-तपकिरी आणि दाबली तर मऊ लागणारी ती नवी. काळी, कडक झालेली ती जुनी. जुनी वाईट नसते, पण सरबत काळपट होतं आणि वासात ताजेपणा उरत नाही. चिंचेवर पांढरं काही दिसलं तर बोटाने चोळून बघा. कणीदार लागलं तर ते मीठ किंवा चिंचेतल्याच क्षारांचे कण असतात. कापसासारखं, तंतूदार दिसलं किंवा कुबट वास आला तर बुरशी आहे. तेवढाच भाग काढून उरलेली वापरू नका, सगळी टाका.

प्रश्न : बाटलीतल्या तयार पेस्टचं माप काय धरायचं?

आधी पेस्ट कोणत्या प्रकारची आहे ते बघा. काकवीसारखी काळी, चकचकीत आणि घट्ट असेल तर ती आटवलेली आहे. २०० मिलिलिटरच्या पेल्याला सपाट एक चहाचा चमचा पुरे. तपकिरी, सैल, गराची असेल तर पेल्याला एक टेबलचमचा. हे सुरुवातीचं माप आहे, चव घेऊन कमीजास्त करा. लेबलावर मीठ लिहिलेलं असेल तर वरून घालू नका. आटवलेली पेस्ट गार पाण्यात लवकर विरघळत नाही, तळाशी गोळा होऊन बसते. आधी दोन चमचे गरम पाण्यात सैल करून घ्या.

प्रश्न : साखरेऐवजी गूळ, खजूर किंवा मध वापरला तर?

गूळ चिंचेला फार चांगला जुळतो, फक्त तीन गोष्टी सांभाळा. गुळात ओलावा आणि इतर घटक असल्यामुळे तो साखरेपेक्षा कमी गोड लागतो, म्हणून १५० ग्रॅम साखरेच्या जागी १७५ ते १८० ग्रॅम गूळ घ्या. तो वेगळ्या पातेल्यात थोड्या गरम पाण्यात विरघळवून गाळून मगच कोळात मिसळा, कारण गुळातले कण आणि काडी-कचरा नंतर वेगळे करता येत नाहीत. आणि गुळाची चव खारटपणाकडे झुकणारी असू शकते, तेव्हा मीठ अगदी शेवटी. रंग गडद होणार, ते धरूनच चला.

खजुराची गोष्ट गमतीची आहे. ‘टॅमरिंड’ हे नाव ज्या अरबी शब्दांवरून आलं त्या ‘तम्र हिंदी’चा अर्थच हिंदुस्थानचा खजूर. दोघांची चव एकमेकांना धरून राहते. १०० ग्रॅम चिंचेला बिया काढलेले १५० ग्रॅम मऊ खजूर गरम पाण्यात तासभर भिजवून, बारीक वाटून, गाळून घाला. सरबत दाट होईल, पाणी पाऊण पेला वाढवावं लागेल. पण खजूर घातला म्हणजे साखर टळली असं समजू नका. मऊ खजुराच्या वजनाचा निम्म्याहून जास्त भाग साखरच असतो.

मध गार सरबतात घाला, १२० ग्रॅमपासून सुरुवात करा. त्याचा स्वतःचा वास चिंचेवर चढतो, म्हणून सौम्य वासाचा निवडा.

प्रश्न : महिनाभर टिकेल असं घट्ट सरबत करून ठेवलं. आठवड्यात ते फ्रिजमध्ये जॅमसारखं थिजलं आणि तळाशी वाळूसारखे कण दिसू लागले. खराब झालं का?

खराब झालेलं नाही. दोन वेगळ्या गोष्टी एकाच बाटलीत घडल्या आहेत.

थिजण्याचं कारण पेक्टिन. पेक्टिन, आम्ल आणि साठ टक्क्यांच्या वर साखर एकत्र आली की जेली होते. जॅम याच नियमावर जमतो. चिंचेत पेक्टिन आणि आम्ल दोन्ही मुबलक, साखर तुम्ही घातलीत आणि बराच वेळ उकळून पाणीही आटवलंत. थिजायला आणखी काही लागत नाही. बाटली कोमट पाण्यात ठेवा, सरबत सैल झालं की पातेल्यात काढून अर्धी वाटी पाणी घाला, एक उकळी येऊ द्या आणि पुन्हा भरा.

तळाचे कण बहुधा चिंचेतलेच क्षार आहेत. टार्टारिक आम्ल आणि पोटॅशियम यांचा हा क्षार गरम पाण्यात सहज विरघळतो, गार पाण्यात फार थोडा. म्हणून फ्रिजमध्ये तो खडे धरतो. द्राक्षांच्या वाइनच्या तळाशी बसतात तेही हेच. खात्री करायची तर थोडे कण वाटीत घेऊन त्यावर भरपूर उकळतं पाणी घालून ढवळा. विरघळले तर क्षार, तसेच राहिले तर चिंचेची माती नीट बसवली गेली नव्हती.

पुढच्या वेळेसाठी हे माप घ्या. साफ केलेली चिंच ४०० ग्रॅम, पाणी १ लिटर, साखर १ किलो. एक तास भिजवून आणि कोळून फडक्यातून गाळा. ८०० मिलिलिटरच्या आसपास कोळ निघाला पाहिजे. कमी असेल तर चोथ्यावर थोडं पाणी घालून तेवढा भरून काढा, जास्त असेल तर जास्तीचा कोळ दुसऱ्या कामाला ठेवा. कोळ आणि साखर जाड बुडाच्या स्टीलच्या पातेल्यात मंद आचेवर ठेवा. साखर पूर्ण विरघळली की आच वाढवा, उकळी आल्यापासून घड्याळ लावून ५ मिनिटं, आणि बंद. तार बघायची नाही. एकतारी पाकापर्यंत गेलात की थिजण्याची वाट मोकळी झाली. वर येणारी मळी काढत राहा, ती राहिली तर बाटलीच्या गळ्याशी कडं धरते.

काचेच्या बाटल्या १० मिनिटं पाण्यात उकळून पूर्ण वाळवलेल्या हव्यात. सरबत गरम असतानाच, बाटलीही गरम असताना भरा. गार काचेत गरम पाक ओतला तर काच तडकते. झाकण लावून गार होऊ द्या आणि फ्रिजमध्ये ठेवा. साधारण सव्वा लिटर होईल आणि फ्रिजमध्ये महिनाभर नीट राहील. पेल्याला ३० ते ३५ मिलिलिटर, म्हणजे दोन टेबलचमचे किंवा त्याहून किंचित जास्त. दर वेळी कोरड्या चमच्याने किंवा बाटलीतूनच ओता. ओला चमचा बुडवला की त्या जागी साखर पातळ होते आणि तिथूनच बुरशी सुरू होते.

प्रश्न : पातळ सरबत बाटलीत भरून ओट्यावर राहिलं. दुसऱ्या दिवशी झाकण फुगलं होतं आणि उघडताच फसफसलं. पिता येईल का?

नको. यीस्टला आंबटपणाचं भय नसतं, साखर आणि ऊब मिळाली की पुरे. त्याने साखर खाऊन वायू केला आहे. सोबत आणखी काय वाढलं हे घरी कळत नाही, म्हणून टाकून द्या. अशी काचेची बाटली चेहऱ्यापासून दूर, वर फडकं धरून, हळूहळू उघडा. आतल्या दाबाने काच फुटू शकते.

पातळ सरबत फ्रिजमध्ये तीन ते चार दिवस. बिनसाखरेचा कोळ फ्रिजमध्ये चार-पाच दिवस, उकळून ठेवला तर आठवडाभर. त्याहून जास्त ठेवायचा तर बर्फाच्या साच्यात गोठवा, तीन महिने सहज राहतो. ही वडी साध्या बर्फाऐवजी पेल्यात टाकली तर बर्फ वितळूनही सरबत पाणचट होत नाही.

प्रश्न : तळाशी गाळ आणि वर नुसतं पाणी. दुकानातल्यासारखं एकजीव का राहत नाही?

गराचे कण पाण्यापेक्षा जड, म्हणून बसणारच. दुकानातल्या सरबतात बहुधा ते तरंगत ठेवणारा दाटपणा घातलेला असतो. घरी ढवळून प्यायला काहीच हरकत नाही, तो गाळ म्हणजे चिंचच आहे. नितळच हवं असेल तर दोन तास फ्रिजमध्ये स्थिर ठेवून वरचं अलगद ओता. तळच्या गराची चटणी करता येते.

प्रश्न : सोडा घातला की फेस उसळून अर्धा पेला बाहेर येतो.

सोड्यातला वायू गराच्या प्रत्येक कणाभोवती बुडबुडा धरतो, म्हणून. घट्ट सरबत फडक्यातून दोनदा गाळा, पेला आणि सोडा दोन्ही गारढोण असू द्या. आधी सरबत, मग बर्फ, मग तिरक्या धरलेल्या पेल्याच्या कडेने सोडा. चमचा तळापासून एकदाच वर आणा, गरागरा फिरवू नका. आणि एक सावधगिरी : इथे बाटलीतला सोडा म्हणजे सोडावॉटर. खाण्याचा सोडा घातला तर फेस येतो खरा, पण तो चिंचेच्या आम्लालाच संपवतो. फेस बसला की हातात बेचव, खारट-साबणी पाणी राहतं.

प्रश्न : मसाला कोणता आणि केव्हा घालावा?

चिंचेला तीन गोष्टी पुरतात : आलं, भाजलेलं जिरं आणि पुदिना. तिन्ही एकदम नकोत, एका वेळी एक किंवा फार तर दोन. सहा पेल्यांना दीड चहाचा चमचा आल्याचा रस. आलं किसून पिळा आणि रस पाच मिनिटं वाटीत ठेवा, तळाशी पांढरा स्टार्च बसेल, तो सोडून वरचा घ्या. तो सरबतात गेला तर ते पिठूळ लागतं. जिरं मंद आचेवर भाजा. एक छटा गडद झालं आणि वास सुटला की लगेच ताटलीत काढा, तव्यावर राहिलं तर तिथेच करपतं आणि कडवटपणाचं खापर चिंचेवर फुटतं. अर्धा चहाचा चमचा पूड प्यायला देताना वरून घाला, आधी घातली तर भिजून तळाशी जाते. पुदिना गार सरबतातच घाला. पानं तळहातावर ठेवून एक टाळी द्या आणि पेल्यात सोडा. गरम कोळात ती काळी पडतात. काळं मीठ आवडत असेल तर साधं मीठ पूर्ण बंद करा. दूध किंवा साय मात्र कधीच नको, आम्लाने ते लगेच फाटतं.

प्रश्न : सरबताला धातूची चव येते. भांडं पितळेचं आहे.

कारण तेच. चिंचेने तांब्या-पितळेची भांडी लख्ख होतात, कारण तिचं आम्ल वरचा काळा थर विरघळवतं. तेच आम्ल सरबत भांड्यात उभं असतानाही धातू विरघळवत असतं, आणि तो पोटात जातो. तांबं, बिनकल्हईचं पितळ, ॲल्युमिनियम आणि लोखंड चारही टाळा. लोखंडात सरबत काळंही पडतं, टॅनिन आणि लोह मिळून शाईसारखा रंग धरतात. भिजवायला आणि उकळायला स्टील, ठेवायला काच. चिनीमातीची बरणी तिचा झिलईचा लेप अन्नासाठी सुरक्षित असेल तरच वापरा. जुन्या, तडे गेलेल्या किंवा शोभेच्या भांड्यांच्या लेपात शिसं असू शकतं आणि आंबट पदार्थ ते ओढून घेतो.

प्रश्न : क जीवनसत्त्वासाठी मुलांना रोज चिंचेचं सरबत देते. जुलाब झाले तरी हेच दिलं तर चालेल ना?

दोन्ही ठिकाणी थांबावं लागेल. आंबट म्हणजे क जीवनसत्त्व हा समज पक्का रुजलेला आहे, पण चिंचेचा आंबटपणा टार्टारिक आम्लाचा. १०० ग्रॅम गरात क जीवनसत्त्व जेमतेम ३-४ मिलिग्रॅम असतं, तेवढ्याच लिंबाच्या रसात ते ३८ मिलिग्रॅमच्या आसपास. पोटॅशियम आणि मॅग्नेशियम मात्र चिंचेत चांगलं असतं. मूत्रपिंडाचा आजार असलेल्यांनी म्हणूनच डॉक्टरांना विचारून घ्यावं. रक्त पातळ करणारी गोळी किंवा रोजची अ‍ॅस्पिरिन चालू असेल त्यांनीही.

वरच्या कृतीत पेल्याला २५ ग्रॅम साखर जाते. जागतिक आरोग्य संघटनेने २०१५ साली वरून घातलेल्या साखरेसाठी सुचवलेली चांगली मर्यादा प्रौढ माणसाला दिवसाला साधारण तेवढीच आहे. मुलांना रोज द्यायचं नाही, आणि देताना अर्धा पेला, साखर निम्मी. मधुमेहींसाठी बिनसाखरेचा कोळ जास्त पाण्यात, मीठ-जिरं घालून करता येतो, पण गरात स्वतःची साखर असते हे धरून. दातांसाठी सरबत घुटके घेत तासभर पिण्यापेक्षा एका बैठकीत संपवा, मग साध्या पाण्याने चूळ भरा. ब्रश लगेच करू नका, आम्लाने मऊ झालेला दातांचा थर घासला जातो.

जुलाबात हे सरबत देऊ नका. जलसंजीवनीच्या पुडीत लिटरला १३.५ ग्रॅम ग्लुकोज असतं, या सरबतात लिटरला शंभर ग्रॅमहून जास्त साखर. एवढी साखर आतड्यात उलट पाणी ओढते आणि जुलाब वाढवते. चिंच स्वतःही थोडी सारक आहे. पुडी आणा, तिच्यावर लिहिलं असेल तेवढ्याच पाण्यात मिसळा, आणि मूल लहान असेल किंवा मलूल झालं असेल तर थेट डॉक्टरकडे न्या.

प्रश्न : उरलेल्या चोथ्याचं आणि चिंचोक्यांचं काय करावं?

चोथा मीठ लावून डब्यात भरून फ्रिजमध्ये ठेवा, आठवडाभर राहतो. तांब्याच्या भांड्याला तो चोळा, दोन मिनिटं थांबा, भरपूर पाण्याने धुवा आणि लगेच कोरडं पुसा. ओलं ठेवलं तर संध्याकाळपर्यंत पुन्हा डाग धरतात. चिंचोके धुऊन दोन दिवस उन्हात वाळवले तर भाजून खाता येतात. मंद आचेवर साल तडकेपर्यंत भाजा, साल काढून टाका आणि आतला पांढरा भाग रात्रभर भिजवून मगच चावा. नुसता भाजलेला इतका कडक असतो की दात दुखावतो. चिंचेचं झाड लावायचं असेल तर मात्र न भाजलेले, न उकळलेले चिंचोके बाजूला ठेवा, रात्रभर कोमट पाण्यात भिजवा आणि दीड सेंटिमीटर खोल पेरा. गरम पाण्यात भिजवलेल्या चिंचेतले पेरू नका, त्यांची उगवण भरवशाची राहत नाही.